सॅक्सोफोन कोलॉसस : जवळपास सत्तर वर्षांपूर्वीचा मोनो अल्बम आणि आपली दहा बाय दहाची खोली

हा एपिसोडचा लेखी अवतार. बोलताना आलेले 'म्हणजे' आणि 'तर' मी बरेचसे काढलेत, सगळे नाही. एपिसोडमध्ये जिथे तुकडा वाजवला होता तिथे ट्रॅकचं नाव दिलंय. तुमच्याकडे जे ॲप असेल त्यावर लावून घ्या आणि मग पुढे वाचा.

जॅझवरच्या भागांनंतर सगळ्यांत जास्त येणारा प्रश्न म्हणजे, 'हे नीट ऐकायचं तर किती खर्च करावा लागेल?' विचारणारे बरेचसे माझ्याच वयाचे, नोकरीला लागून चार-पाच वर्षं झालेले, हातात थोडे पैसे खुळखुळायला लागलेले. दुकानातला माणूस सांगतो की चाळीस हजारांचा डॅक घेतल्याशिवाय खरा सॅक्सोफोन ऐकूच येत नाही. यूट्यूबवरचा माणूस म्हणतो, केबल बदला. मला हा प्रश्न एका अल्बमच्या आधारे सोडवायचाय, कारण हवेत गप्पा मारल्या की सगळंच खरं वाटतं. अल्बम आहे सॉनी रोलिन्सचा 'सॅक्सोफोन कोलॉसस'.

आधी अल्बमबद्दल. २२ जून १९५६. न्यू जर्सीतलं हॅकेनसॅक गाव. रूडी व्हॅन गेल्डर नावाच्या माणसाच्या आईवडलांचं घर. हा माणूस दिवसा डोळे तपासून चष्म्याचे नंबर द्यायचा आणि उरलेल्या वेळात ह्याच घराच्या दिवाणखान्यात जॅझ रेकॉर्ड करायचा. थट्टा नाही, पन्नासच्या दशकातल्या अमेरिकन जॅझचा केवढा तरी मोठा भाग ह्या एका दिवाणखान्यात रेकॉर्ड झालाय. बाजूच्या खोलीत काचेमागे यंत्रं, आणि घरचे लोक जिथे बसायचे तिथे ड्रम मांडलेले. थेलोनियस मंकने तर 'हॅकेनसॅक' नावाची रचनाच केलीय.

त्या दिवशी तिथे चौघं होते. टेनर सॅक्सोफोनवर रोलिन्स, वय २५. पियानोवर टॉमी फ्लॅनगन, २६. बेसवर डग वॉटकिन्स, फक्त २२. आणि ड्रमवर मॅक्स रोच, ३२, म्हणजे त्यांच्यातला आजोबाच. प्रेस्टिज कंपनीची पद्धत अशी की तालमींवर फार खर्च करायचा नाही, आले की वाजवायचं. एका दिवसात पाच ट्रॅक, साधारण चाळीस मिनिटं. पुढे अमेरिकेच्या लायब्ररी ऑफ काँग्रेसने जपून ठेवण्याजोग्या ध्वनिमुद्रणांच्या राष्ट्रीय यादीत हा अल्बम घेतला.

ह्यानंतर चारच दिवसांनी, २६ जूनला, ट्रम्पेटवादक क्लिफर्ड ब्राऊन आणि पियानोवादक रिची पॉवेल मोटार अपघातात गेले. रोलिन्स आणि रोच त्यांच्याच क्विंटेटमध्ये होते. अल्बम ऐकताना हे माहीत असलं की 'यू डोंट नो व्हॉट लव्ह इज' ही संथ रचना वेगळी वाटते. पण ती वाजवताना त्यातल्या कुणालाच काही ठाऊक नव्हतं, हेही लक्षात ठेवा. नाहीतर आपण उगाच तिच्यात शोक ऐकायला लागतो.

पहिला ट्रॅक 'सेंट थॉमस'. रोलिन्सची आई कॅरिबियनमधल्या सेंट थॉमस बेटाची, आणि ही चाल तिकडच्या लोकगीतातली. जॅझ 'कळत नाही' म्हणणाऱ्याला मी हाच ट्रॅक पहिला ऐकवतो. चौथा ट्रॅक 'मोरिटाट', म्हणजे कुर्ट वाईलच्या 'थ्री पेनी ऑपेरा'तलं प्रसिद्ध गाणं, जे जगाला 'मॅक द नाईफ' म्हणून माहीत आहे. मराठी माणसाला हे नाटक परकं नाही. पुलंनी त्याचा 'तीन पैशाचा तमाशा' केला आणि जब्बार पटेलांनी तो १९७८ मध्ये रंगमंचावर आणला. आणि बघा, त्याच १९७८ मध्ये मुंबईत पहिली जॅझ यात्रा झाली आणि तिच्यात वाजवायला खुद्द रोलिन्स आला होता. त्याचं मुंबईशी नातं त्याच्याही आधीचं. साठच्या दशकाच्या शेवटी तो पवईला स्वामी चिन्मयानंदांच्या आश्रमात राहून गेला होता. आज जिथे आपल्यातले निम्मे लोक लॅपटॉप उघडून बसतात, ती पवई.

बरं, आता आवाजाकडे.

हा अल्बम मोनो आहे. ही पहिली गोष्ट, आणि तिच्यावरच बहुतेकांचं घोडं अडतं. 'इतका खर्च करून मोनो ऐकायचं?' व्हॅन गेल्डरने दोन ट्रॅकवर स्टिरिओ रेकॉर्डिंग सुरू केलं १९५७ मध्ये, ह्या सेशनच्या पुढच्या वर्षी. म्हणजे ह्याचा स्टिरिओ मूळ टेपवर नाहीच. साठच्या दशकात कंपन्यांनी बऱ्याच मोनो रेकॉर्डिंगना यांत्रिक करामती करून 'स्टिरिओ' बनवलं. एका बाजूला बास वाढवायचा, दुसरीकडे कमी करायचा, वर थोडा प्रतिध्वनी. कुठेही असली आवृत्ती दिसली तर सरळ पुढे जा.

मोनो म्हणजे एक माइक असं नाही, बरं का. माइक बरेच असतात, पण सगळ्यांचा आवाज एकाच वाहिनीत मिसळून टेपवर जातो. कोण डावीकडे, कोण उजवीकडे ही माहिती गेली. पण कोण जवळ, कोण लांब ही राहिली, कारण ती आवाजाची पातळी आणि खोलीचा प्रतिध्वनी ह्यांच्या प्रमाणातून कळते. व्हॅन गेल्डर माइक वाद्याच्या खूप जवळ ठेवायचा, म्हणून रोलिन्स तुमच्या समोर तीन-चार फुटांवर उभा असल्यासारखा वाटतो आणि पियानो त्याच्या मागे. खरं सांगायचं तर पियानो जरा डब्यात घातल्यासारखाच वाटतो. व्हॅन गेल्डरच्या पियानोवर ही टीका पूर्वीपासून होत आलीय आणि मला ती पटते. मुद्दा असा की हा डबा टेपवरच आहे. चाळीस हजारांचा डॅक तो उघडून देणार नाही.

उलट मोनो अल्बमचा एक जबरदस्त उपयोग आहे. दोन्ही स्पीकरमधून तंतोतंत तोच सिग्नल येतोय, त्यामुळे आवाज दोघांच्या बरोबर मध्ये, हवेत, एका जागी उभा राहायला हवा. 'मोरिटाट' लावा, दोन्ही स्पीकरपासून सारख्या अंतरावर बसा आणि डोळे मिटून रोलिन्सकडे बोट दाखवा. बोट मध्ये गेलं तर उत्तम. एका बाजूला गेलं, किंवा खालचे सूर मध्ये आणि वरचे सूर खिडकीकडे सरकले, तर रेकॉर्डिंगचा दोष नाही. तुमच्या एका बाजूला काच आहे आणि दुसऱ्या बाजूला कपड्यांनी भरलेलं कपाट. काच परावर्तन करते, कपडे शोषून घेतात. पडदा ओढा, परत ऐका. फुकट आहे.

इंजिनियर मंडळींसाठी आणखी एक फुकटचा खेळ. तुमच्याकडे ह्या अल्बमची फाइल असेल तर ऑडॅसिटीमध्ये उघडा, एक चॅनेल उलटा करा आणि दोन्हींची बेरीज करा. म्हणजे डावा वजा उजवा. खरा मोनो असेल तर उरतं शून्य, किंवा टेपची बारीकशी सरसर. सॅक्सोफोन उरला तर कुणीतरी मध्ये करामत केलीय. फ्लॅक हा फॉरमॅट हीच वजाबाकी आतल्या आत वापरतो. दोन चॅनेल सारखे दिसले की तो फरक साठवतो, आणि फरक शून्य म्हटल्यावर जागाच लागत नाही. त्यामुळे मोनो अल्बमची फ्लॅक फाइल तशाच स्टिरिओ अल्बमच्या जवळपास निम्मी होते. फाइल छोटी दिसली म्हणून 'दर्जा कमी दिला' असं समजू नका.

आता 'हाय-रेझ'चं प्रकरण. ॲप तुम्हाला २४ बिट, १९२ किलोहर्ट्झ देतं. सीडी असते १६ बिट, ४४.१ किलोहर्ट्झ. आकडा मोठा म्हणजे आवाज भारी, असं आपोआपच वाटतं. ह्या आकड्यांचा अर्थ एकदा नीट समजून घेऊ.

दुसरा आकडा म्हणजे दर सेकंदाला किती नमुने घेतले. त्याच्या निम्म्यापर्यंतची कंपनं त्यातून पूर्णपणे परत मिळतात. 'अंदाजे' नाही, पूर्णपणे, हे गणिताने सिद्ध आहे. कॉलेजात आपण नायक्विस्ट घोकला होता, तो हाच. ४४.१ चे निम्मे २२.०५ किलोहर्ट्झ. लहान मुलांना २० पर्यंत ऐकू येतं, आपल्या वयाला साधारण १६-१७ च्या आसपास गाडी थांबते. टेनर सॅक्सोफोनचे मूळ सूर तर साधारण १०४ ते ६६० हर्ट्झमध्येच आहेत. त्याच्या वर असतात ते उपसूर, जे सॅक्सोफोनला सॅक्सोफोन बनवतात, आणि तेही वर जाताना क्षीण होत जातात. तेव्हा १९२ च्या फाइलमध्ये २२ च्या वरची जी जागा आहे तिथे ह्या अल्बमपुरतं काय आहे? टेपची सरसर. ती तुम्ही हाय-रेझमध्ये विकत घेताय.

बिट म्हणजे सगळ्यांत मोठा आणि सगळ्यांत बारीक आवाज ह्यांच्यातलं अंतर किती मावतं. एका बिटला साधारण ६ डेसिबल. १६ बिट म्हणजे ९६. त्या काळच्या टेपची सरसर संगीताच्या साधारण ६० ते ७० डेसिबल खाली असते. म्हणजे मूळ मालच अकरा-बारा बिटांत मावतो. आणि मग तुमची खोली. पंखा चालू असताना मुंबईतल्या बेडरूममध्ये ४५-५० डेसिबलचा आवाज असतोच. बाहेर रिक्षा, वर कुणाचं तरी मिक्सर. संगीताचे उंच क्षण ९० ला पोचले तरी तुमच्या हातात ४०-४५ डेसिबल उरले. पंखा बंद करणं हे २४ बिटांपेक्षा मोठं अपग्रेड आहे. मे महिन्यात परवडत नाही, ते वेगळं.

कुणी म्हणेल, 'पण मला फरक ऐकू येतो.' येत असेल. पण तुलना करताना दोन्हींची पातळी सारखी होती का? अर्धा-एक डेसिबल जास्त असलेला आवाज आपल्याला 'मोठा' वाटत नाही, 'चांगला' वाटतो. दुकानात नेमकं हेच होतं. शिवाय दोन फाइल वेगवेगळ्या मास्टरिंगच्या असतील तर फरक खराच असतो, पण तो मास्टरिंग करणाऱ्या माणसाच्या हातातला, बिटांचा नाही. म्हणून मी म्हणतो, हाय-रेझच्या मागे लागू नका, चांगल्या मास्टरिंगच्या मागे लागा. तेच साध्या सीडी दर्जात मिळालं तर पैसे वाचवा.

कानावरच्या अतिविश्वासाचं ताजं उदाहरण द्यायचं तर मोबाईल फिडेलिटी ह्या अमेरिकन रेकॉर्ड कंपनीचं. मूळ मास्टर टेपवरून काढलेल्या महागड्या तबकड्यांसाठी तिची ख्याती. जुलै २०२२ मध्ये उघड झालं की ती कित्येक वर्षं मध्ये एक डिजिटल पायरी वापरत होती. शुद्ध ॲनालॉग म्हणून ज्या तबकड्यांची जाणकार वाहवा करत होते, त्यातल्या बऱ्याच डिजिटलमधून गेलेल्या होत्या. ग्राहकांनी दावा लावला आणि प्रकरण अडीच कोटी डॉलरच्या तडजोडीवर मिटलं. कंपनीने सांगितलं नाही ही चूकच. पण त्याआधी जाणकार त्याच आवाजाची वाहवा करत होते, हेही खरं.

मग फरक पडतो कशाने? क्रमाने सांगायचं तर खोली आणि बसायची जागा, मग स्पीकर किंवा हेडफोन, मग बराच वेळ काहीच नाही, आणि मग बाकी सगळं.

'ब्लू ७' लावा. सुरुवात एकट्या बेसने होते. २२ वर्षांचा डग वॉटकिन्स सावकाश चालतोय, मागे-पुढे कुणी नाही. आता हे फोनच्या स्पीकरवर ऐका. चाल कळते, नाही का? खरं तर फोनचा इवलासा स्पीकर दोन-तीनशे हर्ट्झच्या खाली फारसं काही वाजवतच नाही, आणि डबल बेसचा खालचा सूर आहे ४१ हर्ट्झ. तुम्ही जे ऐकताय ते फक्त उपसूर. त्यांच्यातल्या समान अंतरावरून मेंदू मूळ सूर 'भरून' काढतो. डोकं चालतं, पण पोटात काही होत नाही. बरे वायरवाले इअरफोन, दोनेक हजारांचे, लावले की तोच बेस लाकडाचा होतो आणि बोट तारेवर घासल्याचं कळतं.

आता तोच ट्रॅक मोठ्या स्पीकरवर, दहा बाय दहाच्या खोलीत. खोलीची लांबी ३.०५ मीटर. आवाजाचा वेग सेकंदाला ३४३ मीटर. ३४३ भागिले दुप्पट लांबी, उत्तर साधारण ५६ हर्ट्झ. ह्या कंपनाची लाट खोलीत बरोबर अर्धी मावते आणि दोन भिंतींमध्ये घुमत राहते. आता बेसची मोकळी 'ए' तार आहे ५५ हर्ट्झ, आणि तिच्या शेजारचा बी-फ्लॅट ५८. म्हणजे वॉटकिन्सचं बोट त्या भागात आलं की तुमची खोलीही त्याच्याबरोबर वाजणार, बाकीच्या सुरांवर गप्प बसणार. खोली चौकोनी असली तर आणखी वाईट, कारण दोन्ही दिशांना तोच आकडा. लोक ह्याला 'स्पीकरचा बास ढिला आहे' म्हणतात आणि केबल बदलतात.

उपाय काय? खोलीच्या अगदी मध्यावर बसू नका, तिथे हा सूर जवळजवळ नाहीसा होतो. पाठ भिंतीला टेकवूनही बसू नका, तिथे तो अंगावर येतो. मागच्या भिंतीपासून लांबीच्या एक तृतीयांश, म्हणजे साधारण सव्वातीन फुटांवर खुर्ची ठेवून बघा. स्पीकर कोपऱ्यातून बाहेर काढा. भिंतीला अंड्यांचे ट्रे आणि इंचभर जाडीचा फोम चिकटवू नका. ५६ हर्ट्झची लाट सहा मीटर लांब असते, ती फोमकडे बघतही नाही. कापसाची जाड गादी कोपऱ्यात उभी केलीत तर निदान थोडं तरी काम होतं, आणि पाहुणे आले की अंथरता येते.

डॅकबद्दल दोन ओळी. हजारेक रुपयांचा टाइप-सी डोंगलसुद्धा आज ह्या टेपपेक्षा कितीतरी शांत असतो. ब्लूटूथ? चालेल. ह्या अल्बमला तर विशेष चालेल, कारण दोन चॅनेल सारखेच आहेत.

आणि आता ज्यासाठी हा सगळा खटाटोप. बेसमागून ड्रम येतात, मग रोलिन्स एक तुटक, तिरकी चाल मांडतो. कुठल्या सुराला 'घर' म्हणायचं तेच ठरत नाही अशी. मग तो जे करतो त्यावर गुंथर शुलर ह्या संगीतकाराने नोव्हेंबर १९५८ मध्ये 'द जॅझ रिव्ह्यू'त सविस्तर लेख लिहिला. त्याचा मुद्दा थोडक्यात असा, की बहुतेक वादक मूळ चाल सोडून सुरावटींच्या चौकटीवर नवनवं रचत जातात. रोलिन्स मात्र त्या चालीतलाच छोटासा तुकडा पकडून ठेवतो. तो ताणतो, उलटा करतो, अर्धा सोडून देतो, दोन मिनिटांनी दुसरीकडून परत आणतो. आपल्याकडे ख्याल ऐकणाऱ्याला हे समजावून सांगावं लागत नाही. राग वेगळा, शास्त्र वेगळं, पण एका छोट्या वाक्याची बढत होताना ऐकायची सवय आपल्या कानांना असते. पियानोनंतर मॅक्स रोचचा ड्रम सोलो येतो, आणि तोही ठोकाठोक न करता दोन-तीन कल्पना घेऊन त्यांनाच फिरवतो. मग रोलिन्स परत येतो आणि सुरुवातीचे धागे उचलतो.

इथे हाय-फायचं काम काय ते कळतं. रोलिन्सने सोडलेल्या जागा. दोन तुकड्यांमधल्या त्या शांततेत वॉटकिन्स नेमकं काय वाजवतोय, रोचची झांज किती हलकी आहे, हे ऐकू आलं तरच त्याने तिथे का थांबावं हे कळतं. बास घुमत असेल तर ती जागा भरून जाते आणि अकरा मिनिटं 'जरा लांबलंय' वाटतात. 'स्ट्रोड रोड'मध्येही सोलोच्या सुरुवातीला फक्त सॅक्सोफोन आणि बेस उरतात. खोली ठीक आहे की नाही, ते तिथे लगेच समजतं.

शुलरचा लेख वाचून रोलिन्स सुखावला असेल असं वाटेल. त्याने नंतर सांगितलं की तो लेख त्याला इतका जड गेला की त्याने स्वतःबद्दलची परीक्षणं वाचणंच सोडलं. १९५९ मध्ये, ऐन नावलौकिकात, त्याने कार्यक्रम थांबवले आणि न्यूयॉर्कच्या विल्यम्सबर्ग पुलावर जाऊन एकटाच रियाज करायला लागला. शेजारून लोकल, खालून बोटी, दोन वर्षं. तिथला सिग्नल-टू-नॉइज रेशो काय असेल, विचार करा.

त्या पुलानंतर आलेल्या १९६२ च्या 'द ब्रिज'वर पुढचा भाग. तो स्टिरिओ आहे, आणि त्यात पियानो नाही, गिटार आहे. तोवर कुणाच्या खोलीचं माप दहा बाय दहापेक्षा वेगळं असेल तर आकडा पाठवा, कुठला सूर घुमणार ते काढून सांगतो.